आपली मोहिनी आपल्यावर

गुणवंत कर्णिकला 'नाही' म्हणता येत नाही, असं कोणी सांगत असेल तर ते साफ खोटं आहे. घरी तो ऊठसूट 'नाही'च म्हणायचा. लेकीला, शर्वाणीला, मांजर पाळायला नाही, मैत्रीण यम्नाकडे राहायला नाही, ड्रायव्हिंग शिकायला तर मुळीच नाही. आखातात, मुसफ्फातल्या फॅब्रिकेशन कंपनीत तो प्रोजेक्ट मॅनेजर होता, आणि तिथेही सप्लायरला वाटेला लावण्यात त्याचा हात धरणारा कोणी नव्हता. त्याचं घोडं पेंड खायचं ते फक्त कमलिनीताईंपुढे.

कमलिनीताई म्हणजे मराठी मंडळाच्या अध्यक्षा. कधीपासून, ते विचारायची कोणाची छाती नव्हती. ताई मान जराशी कलती करून म्हणायच्या, "गुणवंत, तुझ्याशिवाय कोण करणार रे?" की याच्या जिभेवर वेलदोड्याची चव यायची आणि तोंडातून 'हो' निसटायचं. एकटा हाच नव्हे. बँकेतले मोठे साहेब, हृदयाचे डॉक्टर, सगळे ताईंच्या एका वाक्यावर जमिनीवर बसून पताका चिकटवायचे. आणि मेल्यांना वाटायचं, आपण समाजसेवा करतोय!

यंदा ऑगस्टअखेर शर्वाणी डब्लिनला शिकायला निघाली होती. जायच्या आधीचा शनिवार तिने बाबाकडे मागून घेतला. "जस्ट यू अँड मी. खोर फक्कान. बीच, परोठा, खलास." लहानपणी तो तिला तिथे पोहायला न्यायचा. गुणवंतने शब्द दिला. मग ताईंचा फोन आला की गणपतीचं मखर शनिवारी वर्कशॉपमधून आणून हॉलवर उभं करायचंय. वेलदोडा आला आणि 'हो' गेलं.

"बस झालं आता," त्याची बायको अनुपमा म्हणाली. "ही मोहिनी आहे. मी केरूमामाला विचारते. आणि फोनवर मोहिनीबिहिनी म्हणू नकोस, या देशात असल्या भानगडींना जेल आहे. सॉफ्टवेअरचा इश्यू म्हण."

कुडाळचे केरूमामा बोटिमच्या व्हिडिओ कॉलवर आले. त्यांनी इश्यू नीट ऐकून घेतला आणि परतवणी सांगितली. मोहिनी तोडायची नसते. तिचाच जोर धरून तिला उलटी फिरवायची. जिभेवर चव आली की 'हो' सुटायच्या आत समोरच्याच्या डोळ्यांत बघून म्हणायचं, 'तुझी मोहिनी तुझ्यावर.'

"आणि जावयबापू, 'तू'च म्हणूक व्हया," मामा म्हणाले. "थंय मानपान चलना नाय."

आता बोला! गुणवंत ठाण्याच्या सभ्य घरातला. वयाने मोठ्या बाईला, तेही अध्यक्षांना, अरेतुरे? त्याच्या साध्या ईमेलची सुरुवातसुद्धा 'आदरणीय ताई'ने व्हायची. गाडीत स्टिअरिंगसमोर त्याने सराव केला. स्टिअरिंगला 'तू' जमलं.

शुक्रवारी संध्याकाळी ताईंच्या घरी मीटिंग होती. "गुणवंत, उद्याचं मखर," ताईंनी मान कलती केली, "तुझ्याशिवाय कोण करणार रे?"

चव आली. गुणवंतने धीर एकवटला, ताईंच्या डोळ्यांत पाहिलं, आणि काय करावं या माणसाने? चक्क हात जोडले.

"ताई, आपली मोहिनी आपल्यावर."

झालं. मराठीत 'आपण' म्हणजे तुम्ही, 'आपण' म्हणजे मी, आणि 'आपण' म्हणजे आपण दोघं. बिचारी मोहिनी जाणार तरी कोणाकडे? ती दोघांच्याही मानगुटीवर बसली.

"मी वेलदोडा खाल्ला का रे?" ताई ओठ चाटत म्हणाल्या.

खजिनदार रुपेश पोहे खात म्हणाला, "ताई, यंदा ढोलाऐवजी डीजे लावू या?"

"हो."

"छे हो, ढोलच पाहिजे," पर्णिका म्हणाली. ती सांस्कृतिक विभाग बघायची.

"हो," ताई म्हणाल्या.

मग रुपेशने पोह्यांची बशी खाली ठेवून विचारलं, "ताई, अध्यक्षपद सोडताय?"

"हो."

गुणवंतला हर्षवायू व्हायचा बाकी होता. मनातलं सगळं त्याने विचारून घेतलं. "ताई, तुम्ही माझ्यावर मोहिनी घातली होती ना?"

"हो."

"की घातलीच नव्हती?"

"हो."

"बरं, उद्या मी नाही आलो तर चालेल?"

"हो," ताई म्हणाल्या आणि सवयीने मान कलती करून पुढे बोलल्या, "पण येशील ना?"

"हो," गुणवंत म्हणाला, आणि त्याचा चेहरा उतरला.

रुपेश मोठा चलाख. त्याने दोघांकडे आळीपाळीने पाहिलं. "गुणवंत, मग अध्यक्ष तूच हो."

"हो."

"साऊंड, पार्किंग आणि प्रसादही तूच बघ."

"हो."

टाळ्या पडल्या. कोणीतरी 'यल्ला, पेढे आणा' म्हणालं. तेवढ्यात शर्वाणीचा फोन आला. गुणवंत तो घेऊन बाल्कनीत पळाला.

"बाबा, यू आर स्टक देअर, राइट?"

"हो."

"यम्नाची फॅमिली उद्या खोर फक्कानला जातेय. शुड आय जस्ट गो विथ देम?"

तिला 'नाही' ऐकायचं होतं. जन्मभर तिला 'नाही' ऐकवणाऱ्या बापाला एवढं तरी कळत होतं. त्याने दात आवळले, बाल्कनीचा कठडा धरला, सगळा जीव त्या दोन अक्षरांत ओतला. घशापर्यंत आलेलं 'नाही' वेलदोड्याच्या चवीत विरघळून गेलं.

"हो," तो म्हणाला.

"आर यू शुअर?"

"हो."

एरवी इंग्रजी घुसडल्याशिवाय न बोलणारी पोरगी, शुद्ध मराठीत म्हणाली, "बाबा, तुला माझ्याबरोबर यायचंच नव्हतं ना?"

गुणवंतच्या डोळ्यांतून पाणी आलं.

"हो," तो म्हणाला.