गुरुशांतच्या धुनेची कॅसेट

मित्रांनो, मी एक जुनी कॅसेट आहे आणि आता पार दमले आहे. एकच धून एखादीने किती वेळा वाजवावी? माझी फीत इतकी घासली आहे की मला फिरायचाही कंटाळा येतो.

माझ्यावर गुरुशांत या सोलापुरी गिटारवाल्याचा कार्यक्रम आहे. तेव्हा तो कॉलेजात होता. गॅदरिंगला त्याने इलेक्ट्रिक गिटारवर रॉक वाजवून मैदान दणाणून सोडले. त्याचा मित्र सुबोध मला टेपरेकॉर्डरमध्ये घालून पुढेच बसला होता. जवळपास प्लग नव्हता, म्हणून त्याने घरच्या बॅटरीतले जुने सेल काढून टेपला लावले होते. शेवटच्या धुनेपर्यंत ते बिचारे अगदी थकले.

त्या शेवटच्या धुनेने मात्र माझे नशीब उघडले. गिटार एवढ्या वेगाने वाजते हेच कुणाला खरे वाटेना. मोहोळ-बार्शीची पोरे माझ्यावरून कॅसेटी भरून नेत. सूर चढलेला ऐकून म्हणत, गडी रंगात आला होता. टाळ्या पडल्या की मला बंद करत. पुढचे कुणी ऐकलेच नाही.

गुरुशांतही मला लावून सोबत वाजवायचा आणि दर वेळी मागे पडायचा. बोटे सोलून निघाली, तरी माझा वेग त्याला गाठता येईना. एके दिवशी तो म्हणाला, "माझा हात गेला की रे, सुबोध." मग त्याने गिटार चादरीत गुंडाळून माळ्यावर टाकली आणि वडिलांच्या चादरीच्या दुकानात बसू लागला. मी कपाटात पडले. मला बुरशी लागली, त्याचे एवढे काही नाही. तो माझ्याकडे बघेनासा झाला, ते मात्र फार लागले.

यंदा त्याच्या मुलीने, उर्वीने, मला बाहेर काढले. खरखर काढून सगळा कार्यक्रम कॉम्प्युटरवर नव्याने साफ करायचे तिने मनावर घेतले, म्हणून मला शेवटपर्यंत फिरू दिले. टाळ्यांनंतर गुरुशांतने लोकांचे आभार मानले होते. तो आवाज लहान पोरासारखा चिरका निघाला. उर्वी आधी पोट धरून हसली, मग तिने तो तुकडा पुन्हा लावला. सेल उतरले की टेप सावकाश फिरतो आणि सावकाश भरलेले नंतर भरभर वाजते, हे तिने अप्पांना, म्हणजे गुरुशांतला, समजावून सांगितले. त्यांचा आवाज त्यांच्यासारखा येईपर्यंत तिने वेग उतरवला आणि धून पुन्हा लावली.

गुरुशांतची बोटे मांडीवरच चालू लागली. पहिल्यांदाच ती मागे पडली नाहीत.

"ह्याच वेगानं तर मी रोज वाजवत होतो की," तो म्हणाला. त्याने विचारले, "मग मी सोडलं कशापायी गं?"

उर्वीने माळ्यावरची गिटार खाली काढली.

मित्रांनो, आम्हा जुन्या कॅसेटींना फेकू नका. कोरड्या जागी ठेवा, अधूनमधून फिरवा. पण आमच्या शब्दावर विसंबून आपला हात थांबवू नका. मला आता फक्त विसावा हवा आहे. गुरुशांत नव्या तारा आणायला गेला आहे. तो परत येईपर्यंत मात्र मी जागी राहणार आहे.