देवचाराची काठी, गुरुदासाची परात

वरच्या वाडीत शहाण्या माणसांची टंचाई कधीच नव्हती. पाऊस कधी पडणार, आंबा कधी मोहरणार, कोणाची सून कोणाशी का भांडली, सगळ्याचं ज्ञान घराघरात पोत्यांनी भरलेलं. उणीव होती ती यंत्र जाणणाऱ्या माणसाची, आणि ती गुरुदास चिंदरकराने भरून काढली होती.

गुरुदास अठरा वर्षं मुंबईत एका मोटार कंपनीत होता. ‘कंपनीत होता’ एवढंच तो सांगायचा, बाकीचं वाडीने स्वतःच्या पदरचं घातलं. खरं म्हणाल तर तो तिथे दरवान होता. आत जाणाऱ्या गाडीला सलाम, बाहेर पडणाऱ्या गाडीला सलाम, आणि मधल्या वेळेत कामगारांच्या छातीवरचे बिल्ले तपासायचे. पहिल्या रजेला तो घरी आला तेव्हा कोणीतरी ओरडलं, “मेकॅनिक इलो रे!” गुरुदासाने ‘नाय’ म्हणायला तोंड उघडलं होतं, देवाशपथ उघडलं होतं. पण त्याच वेळी त्याची नवी बायको तुळसा त्याच्याकडे अशा काही अभिमानाने बघत होती की त्याने ते तोंड तसंच मिटून घेतलं. झाकली मूठ सव्वा लाखाची. पुढे ती मूठ उघडायची सोयच राहिली नाही.

आता मेकॅनिक म्हटला की त्याला चार शब्द यायला हवेत. गुरुदासाला एक वाक्य येत होतं. कंपनीचा फोरमन सकाळ-संध्याकाळ फाटकापर्यंत ऐकू येईल असा ओरडायचा, “पहिला ऑइल पॅन उतरवा!” ते वाक्य गुरुदासाने गावी आणलं आणि जपून वापरलं. भाताची गिरण बंद पडली, गुरुदास कपाळाला आठ्या घालून म्हणाला, “ऑइल पॅन उतरवून बघूक व्हयो.” शिंप्याचं मशीन अडलं, तिथेही तेच. शिंप्याने आपल्या मशीनला वरून खालून न्याहाळलं, पॅन काही सापडला नाही, तेव्हा आपलं मशीनच हलक्या जातीचं असा विचार करून तो बिचारा गप्प बसला. नोकरी संपवून गुरुदास कायमचा घरी आला तेव्हा तर देवळात त्याला मानकऱ्यांच्या शेजारी जागा मिळाली. बावीवर बायका तुळसाची कळशी आधी भरू द्यायच्या. मेकॅनिकाची बायल ना ती!

हे सुख असंच चाललं असतं. पण गंगारामशेटला मोटार घ्यायची बुद्धी झाली.

गंगारामशेट देवगडकडचा आंब्याचा मोठा व्यापारी, घर मात्र आमच्या वाडीत. एकोणीसशे अठ्ठावन्न साली त्याने घाटावरून एक जुनी विलायती गाडी आणली आणि स्वतःच चालवायला शिकला. वाडीतली ती पहिलीच गाडी. कोंबड्या, कुत्रे आणि म्हातारी माणसं हॉर्न ऐकूनच रस्ता सोडायची. आणि ऐन जत्रा तोंडावर आली असताना गाडीच्या पोटातून आवाज यायला लागला. टक्, टक्, टक्. शेट गाडी जोरात सोडी तसा आवाजही जोरात.

गावचा घाडी सगुण. देवाला गाऱ्हाणं घालायचं आणि कोणाला कोणी धरलंय ते सांगायचं, हे त्याचं पिढीजात काम. त्याने लांबूनच कान लावला आणि निकाल दिला. “शेटनू, ही देवचाराची काठी.”

देवचार म्हणजे गावाच्या शिमेचा राखणदार. खांद्यावर घोंगडी, हातात काठी घेऊन तो आपली हद्द फिरतो. काठीचा आवाज आला की शहाण्या माणसाने वाट सोडून बाजूला उभं राहावं. हे आमच्याकडे तान्ह्या पोरालाही ठाऊक.

“शीम वलांडताना नारळ ठेवलात काय कधी?” सगुणने विचारलं. शेटने नव्हता ठेवला. पेट्रोलला पैसे मोजताना त्याला नारळाची आठवण कुठून होणार?

गंगारामशेट व्यापारी माणूस. गाडी घेण्याइतका सुधारलेला, पण देवचाराशी वैर घेण्याइतका नव्हे. त्याने दोन्हीकडे हात ठेवले. सगुणला म्हणाला, देवचाराचा मान दे, रोट, विडी, नारळ, कोंबडा, काय लागेल ते सांग. आणि तिथून तडक आला गुरुदासाकडे.

“गुरुदासा, जत्रेक माका गाडी देवळाकडे उभी करूची आसा. तू बघ.”

गुरुदासाच्या तोंडचं पाणी पळालं. काहीतरी सबब सांगायची म्हणून त्याने तोंड उघडलं, पण तोंडाला अठरा वर्षांची सवय. “ऑइल पॅन उतरवून बघूक व्हयो,” ते आपलंआपण बोलून गेलं.

“मगे उतरव मेल्या! वाट कोणाची बघतंस?”

बोलाफुलाला गाठ म्हणतात ती ही. तासाभरात वाडीतल्या बाप्यांनी ‘हय्या हो’ करीत गाडी ढकलून गुरुदासाच्या खळ्यात, घरापुढच्या अंगणात, आणून सोडली. वाटेत तुळशीवृंदावनाचा एक कोपरा गेला, तो जाऊ दे. गुरुदास घरात गेला आणि देवासमोर उभा राहिला. पॅन उतरला नाही तर अब्रू जाणार. उतरला आणि आवाज राहिला तरी जाणार. देवळातली जागा गेली तर गेली, पण उद्या तुळसा बावीवर कळशी घेऊन मागे उभी राहील आणि बायका एकमेकींना कोपर मारतील, हे त्याच्या डोळ्यांपुढे दिसायला लागलं.

“अवो, लोक खोळंबले मां!” तुळसा बाहेरून ओरडली. तिच्या आवाजात जत्रेचाच उत्साह.

गाडीबरोबर आलेली पान्यांची पिशवी शेटने पुढे केली. जॅक लावून गाडी उचलली, चाकांखाली जांभ्याचे चिरे रचले, आणि गुरुदास माडाच्या झापावर उताणा होऊन खाली सरकला. त्याला गाडीच्या पुढून आणि मागून सलाम करायची सवय. खालून ती कशी दिसते हे त्याने आयुष्यात प्रथमच पाहिलं. तरी पॅन ओळखायला अडचण पडली नाही. इंजिनाच्या पोटाखाली एक पसरट लोखंडी परात चारी बाजूंनी बोल्टांनी आवळलेली होती, आणि तिच्या तळाला एक बूच होतं. ते त्याने फिरवलं. काळं कुळकुळीत तेल आधी त्याच्या मनगटावरून कोपरात आणि मग रॉकेलच्या डब्यात गेलं.

“गुरुदासा, जपान कर रे! पोटातसून काय भायर पडतला सांगूक येवचा नाय,” एकाने धीर दिला.

“वायच डावीकडे पिळ,” दुसरा म्हणाला. त्याने जन्मात नारळाशिवाय काही पिळलं नव्हतं.

म्हातारी हौसाबाई वाटी घेऊन पुढे आली. “माझ्या ढोपरांक वायच दी रे ह्या त्याल. मोटार पळता, मगे मी चलान नाय?” आणि खरोखरच ती ते काळं तेल घेऊन गेली हो!

बोल्ट निघायला दुपार टळली. शेवटचा निघाला तशी परात धप्पकन गुरुदासाच्या छातीवर आली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. इतक्यात शिमेकडून ढोल वाजला. सगुण घाड्याने कोंबडा आणला होता, आणि गाऱ्हाण्यानंतर रश्शाची सोय होणार हे सगळ्यांना ठाऊक होतं. डोळ्याचं पातं लवतंय तोवर खळं रिकामं झालं. शेटही गेला. राहिली फक्त तुळसा, आणि गाडीखाली तेलाने माखलेला मेकॅनिक.

लोक गेल्यावर गुरुदासाला जरा श्वास फुटला. त्याने परात बाहेर ओढली. तळाला चिखलासारखा काळा गाळ. त्यात त्याने बोट फिरवलं तर बोटाला काहीतरी टोचलं. तारेचा एक तुटका, वाकडा तुकडा. ह्याचं काय करायचं? त्याला कळेना. तो पुन्हा खाली सरकला आणि उघड्या पडलेल्या इंजिनाकडे बघत नुसता पडून राहिला.

तिकडे शिमेवर सगुणचा आवाज चढला होता आणि मंडळी त्याला साथ देत होती. “बा देवचारा म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!”

“हो गंगारामशेट तुझा लेकरू. चुकला-माकला आसात तर पदरात घी. तेच्या मोटारीक तुझी काठी लागता, ती मागे घी रे म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!”

गुरुदास बघत होता. इंजिनाविषयी त्याला ओ की ठो कळत नव्हतं. पण रांगेने कोणी उभं असलं की त्याच्या डोळ्यांना एकच काम येई, आणि ते काम त्यांनी अठरा वर्षं इमानाने केलेलं. वर रांगेने जाडजूड नट होते आणि प्रत्येक नटात आडवी तार ओवून तिची टोकं मुडपलेली. ह्याला तार आहे, ह्याला आहे, ह्याला आहे. आणि ह्याला?

“तुझो बिल्लो खंय रे?” गुरुदास मोठ्याने म्हणाला.

बिल्ला नसलेल्या नटाला त्याने बोट लावलं. नट बोटानेच फिरला. त्या नटाने आवळून धरायचा तो हातासारखा जाड लोखंडी दांडा हलवला तर तो आपल्या जागी खुळखुळला. टक्. पुन्हा हलवला. टक्. गुरुदासाच्या अंगावर काटा आला. देवचार नाही, भूत नाही, काठी नाही. हा चोर होता आणि तो त्याला सापडला होता!

पान्याने त्याने तो नट असा आवळला की दात करकरले. पण तार? जुनी तर तुटलेली. “तुळशे, डोक्यातलो एक आकडो दी.”

“अवो, मोटारीक केस खंय आसत बांधूक?”

“दी म्हणतंय मां!”

तिने अंबाड्यातला आकडा काढून दिला. गुरुदासाने तो नटाच्या भोकातून ओवला आणि पकडीने टोकं मुडपली. मग परात रॉकेलने धुतली. तुळसा राख आणि काथ्या घेऊन घासायला पुढे झाली, तिला त्याने ओरडून मागे सारलं. परातीच्या कडेची पट्टी उतरवताना फाटली होती, तिच्या जागी पुठ्ठा कातरून बसवला, बोल्ट एकेक करून पिळले, शेटने ठेवलेलं नवं तेल ओतलं. दिवेलागणीला तो उभा राहिला तेव्हा नखशिखांत काळा झाला होता आणि हसत होता. आयुष्यात प्रथमच त्याला कोणी मेकॅनिक म्हणावं असं वाटत होतं.

मंडळी रस्सा चाटीत परत आली. शेटने कपाळाला अंगारा लावला, गाडीत बसला आणि इंजिन सुरू केलं. शेटने जोर दिला, आणखी दिला. टकटक नाही! गाडी नुसती गुरगुरत होती.

“पावलो रे! देवचार पावलो!” शेट ओरडला. टोप्या उडाल्या. सगुण घाड्याला लोकांनी खांद्यावर घेतलं. त्याने डोळे मिटून हात जोडले, जणू सगळं ओझं त्यानेच उचललं होतं.

गुरुदास वाट बघत राहिला. आता कोणीतरी आपल्याकडे वळेल, मग वळेल. कोणी वळेना. शेवटी तोच पुढे झाला.

“शेटनू, नट ढिलो झाल्लो. तेची तार तुटान पॅनात पडल्ली. ही बघा. मी तुळशेचो आकडो घालून आवळलंय.”

शेटने त्याच्या पाठीवर थोपटलं आणि हात रुमालाला पुसला. “तुझी मेहनत आसाच रे. पण तू मेकॅनिक माणूस. अठरा वर्सा शेकड्यान इंजिना उघडली असशीत. बायलमाणसाच्या आकड्यान असो आवाज बंद झाल्लो कधी बघलंस? खरा सांग.”

आता इथे गुरुदासाने गप्प बसायचं ना! देवळातली जागा शाबूत होती, तुळसाची कळशी शाबूत होती. पण त्याचं डोकं फिरलं. जन्मभर जे केलं नाही त्याचा मान त्याने खाल्ला होता, आणि आज जे केलं ते त्याच्या डोळ्यांदेखत दुसऱ्याच्या पानात वाढलं जात होतं.

“शेकड्यान?” तो किंचाळला. “एकय नाय! आजपावत पानो हातात धरूक नाय मी! माका दरवानाची नोकरी होती, दरवानाची! गेटार उभो रवान सलाम ठोकी होतंय. आणि तरीय ह्या इंजिन मीच बरा केलंय! ह्या हातांनी!”

गंगारामशेटचा आ वासला तो वासलाच. मग सगुण घाडी खांद्यावरून हळूच खाली उतरला.

“ऐकलात मंडळीनू?” तो म्हणाला. त्याचा आवाज भरून आला होता. “दरवान! दरवानान इंजिन उघडला, आत बायलेचो आकडो घातल्यान, आणि गाडी चलता. आता तरी देवचाराचो हात दिसलो मां तुमका?”

“व्हय म्हाराजा!” सगळी वाडी एका तोंडाने गर्जली.

शेटने तर तिथल्यातिथे देवचाराला दर वर्षी कोंबडा द्यायचा नवस बोलला. लोक जय म्हणत गाडीमागून चालायला लागले. गुरुदास तेलकट हात पुढे धरून तसाच उभा. त्याने तुळसाकडे पाहिलं. ती तर होती ना तिथे? तिने तर डोळ्यांनी पाहिलं होतं.

“तुळशे, तू तरी सांग त्यांका!”

तुळसाने सुटलेला अंबाडा पुन्हा बांधला.

“मी काय सांगू? देवचाराक नारळ मी पण बोललंय. तो उद्या देवक व्हयो,” ती म्हणाली. “आणि आता घरात चला. इतकी वर्सा बावीर माका मेकॅनिकाची बायल म्हणतत. उद्यापासून काय म्हणतले, ता आंघोळीक पाणी काढतंय तवसर माका सांगा.”