पॅक घेण्याआधी मला विचारा

मित्रांनो, मी एक जुना संगणक आहे आणि सध्या फार वैतागलेला आहे. राग आवरून कहाणी सांगावी असं ठरवलं होतं, पण ते जमेलसं वाटत नाही. ज्याला वाचा नाही त्याने गप्प बसावं, हे मला मान्य आहे. पण मला वाचा आहे! मी पडद्यावर ठळक अक्षरांत बोलतो. माणसं मात्र न वाचताच 'ओके' दाबतात आणि माझं तोंड बंद करतात.

माझा जन्म जबलपूरच्या एका लहानशा दुकानात झाला. डबा एकीकडून आला, पंखा दुसरीकडून, पडदा तिसरीकडून, आणि दुकानदाराने सगळं जोडून माझ्यात जीव घातला. शैलेंद्र ढोले नावाचे गृहस्थ मला घ्यायला आले. ते संरक्षण कारखान्यात फिटर आहेत. ऑटोत त्यांनी मला मांडीवर घेतलं आणि विजय नगरच्या घरापर्यंत प्रत्येक खड्ड्याला ऑटोवाल्यावर ओरडत आले. दारात त्यांच्या पत्नीने, विनतावहिनींनी, मला ओवाळलं. शैलेंद्ररावांच्या आई, शैलजाआजी, लग्न होऊन अमरावतीकडून इथे आल्या त्याला खूप वर्षं झाली, पण बोली त्यांनी माहेरचीच ठेवली आहे. त्यांनी माझ्या पडद्यावर बोटभर कुंकू लावलं आणि म्हणाल्या, "चांगला आहे. टीव्हीपेक्षा शहाणा दिसते."

ती माझ्या कौतुकाची वर्षं होती. गल्लीतल्या मुलांचे निकाल माझ्यावर पाहिले जात. नागपूरच्या गाडीचं तिकीट काढायला शेजारी चप्पल बाहेर काढून, हात जोडून यायचे. गणेशोत्सवातल्या नाटकाची पत्रिका मी छापून दिली, तेव्हा मंडळाच्या लोकांनी मला पेढा दाखवला होता. पेढा शैलेंद्ररावांनी खाल्ला, पण मान माझा होता.

पुढे घरोघरी मोबाइल आले आणि माझी किंमत गेली. विनतावहिनींनी विणलेला एक रुमाल माझ्या अंगावर आला, रुमालावर प्लास्टिकची फुलं आली, फुलांशेजारी लोणच्याची बरणी आली. मित्रांनो, ज्या डोक्यात रेल्वेचं अख्खं वेळापत्रक मावत होतं, त्या डोक्यावर आंब्याचं लोणचं!

मला पुन्हा उजेड दाखवला तो लतिकेने, या घरातल्या एकुलत्या एक मुलीने. ती सातवीत होती. तिने माझ्यात एक खेळ आणला. तुम्ही भातुकली खेळता ना, तसाच तो, फक्त बाहुल्या पडद्यावर चालतात. आपण त्यांना घर बांधून द्यायचं, जेवू घालायचं, झोपवायचं. विसरलो तर बाहुल्या उपाशी राहतात, रडतात आणि चूल पेटती ठेवून घर जाळतात. लतिका एकटीच खेळेल असं मला वाटलं होतं. पण आजींचे गुडघे धरले होते, बाहेर जाणं सुटलं होतं. त्या तिच्या शेजारी खुर्ची ओढून बसू लागल्या. बाहुल्यांची नावं त्यांनीच ठेवली, पुंडलिक आणि शकु. लतिकेला मराठी समजतं, पण बोलताना तिची जीभ हिंदीकडे घसरते. माझ्यासमोर बसली की मात्र आजींशी भांडता भांडता तिचं मराठी पळू लागायचं.

"काहून उभा राहिलास रे पुंडलिका? भाजी जळून राहिली!" आजी पडद्यावर ओरडत.

"आजी, उसको सुनाई नहीं देता. मी बोलतो त्याला," लतिका म्हणे.

"बोलतो नाही, बोलते. तू काय पोरगा आहेस?"

मी सुखात होतो. लोणच्याची बरणी स्वयंपाकघरात परत गेली होती. आणि मग, मित्रांनो, घरात पॅकचा विषय निघाला आणि माझ्या नाकी नऊ आले.

पॅक म्हणजे काय, ते ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. मूळ खेळात घर, माणसं, चूल आणि पलंग असतात. बाकी गमतीजमती कंपनी वेगळ्या विकते. कुत्री-मांजरं हवी असतील तर त्यांचा एक पॅक, ऊन-पाऊस-थंडी हवी असेल तर ऋतूंचा दुसरा, कचेऱ्या आणि दुकानं हवी असतील तर नोकरीचा तिसरा. उंच इमारतींचं एक अख्खं शहरही मिळतं. नवरात्रात या पॅकवर सूट लागली आणि शैलेंद्ररावांनी जाहीर केलं की दसऱ्याला लतिकेला एक पॅक घेऊन देऊ. एवढ्यावर थांबले असते तर त्यांचं काय बिघडलं असतं? पण माझ्याकडे बोट दाखवून ते पुढे म्हणाले, "चालला तर ठीक. नाही चालला तर हा डबा रिछाईच्या कबाडीले भंगारात देऊन टाकतो."

"द्याच," विनतावहिनी म्हणाल्या. "त्या कोपऱ्यात मला चपलांचं कपाट ठेवायचं आहे."

माझ्या जिवाचा प्रश्न होता आणि त्याचा निकाल त्या पॅकवर लागणार होता. माझ्या पोटात किती जागा उरली आहे हे मला नीट ठाऊक होतं. कुत्र्या-मांजरांचा पॅक मावला असता. ऋतूंचाही थोडी कुरकुर करून मावला असता. शहर आलं असतं तर मी मेलो असतो. म्हणून मी रोज सांगू लागलो. 'जागा कमी आहे. आतून फार तापतो आहे. नको असलेलं काढा.' इंग्रजीत, पण स्वच्छ! लतिका 'ओके' दाबायची. शैलेंद्ररावांना ती जाहिरात वाटायची. विनतावहिनी पुसायच्या फडक्याने ती चौकट पुसून पाहायच्या.

एकट्या आजी विचारायच्या, "काय म्हणून राहिला तो?"

"कुछ नहीं आजी. तो ऐसाच बोलते," लतिका सांगे. पालथ्या घड्यावर पाणी!

आणि वाद तरी किती घालावा माणसांनी! लतिकेला कुत्रा हवा होता, कारण खऱ्या कुत्र्याला विनतावहिनी घरात पाऊल ठेवू देत नव्हत्या. आजींना ऋतू हवे होते. त्यांचं म्हणणं, पुंडलिकाच्या गावात बारा महिने एकसारखं ऊन, मग शकुने खारोड्यांचं वाळवण घालावं कधी आणि दिवाळी करावी कधी? विनतावहिनी खेळाकडे ढुंकूनही पाहत नसत, तरी त्यांना नोकरीचा पॅक हवा होता. "तो पुंडलिक नुसता खाते आणि झोपते. त्याले कामाला लावा." शैलेंद्रराव फोनवर चित्रफिती पाहून रोज नवं मत घेऊन यायचे. काल शहर उत्तम, आज ऋतू उत्तम, उद्या शहराशिवाय ऋतूंना मजा नाही. पुंडलिक आणि शकु दिवसभर करतात काय, हे कुणी पाहत नव्हतं. असलेलं घर कुणी पुरतं खेळलेलं नव्हतं, आणि नसलेल्या शहरासाठी भांडणं!

असं सगळं नवरात्र गेलं आणि खंडेनवमी उजाडली. तुमच्या घरी या दिवशी हत्यारांची पूजा होत असेल. फिटरच्या घरी ती फार कडक असते. शैलेंद्ररावांनी पाने, पेचकस, हातोडी धुऊन पाटावर मांडली. शेजारी विनतावहिनींचं शिलाई मशीन, आजींचा अडकित्ता, अंगणात स्कूटर, आणि मी. माझ्यावर हळद-कुंकू उधळलं आणि झेंडूची भली मोठी माळ घातली. तिच्या पाकळ्या सरळ माझ्या पंख्यात गेल्या. पूजा झालेल्या यंत्राला दसऱ्याच्या सकाळपर्यंत हात लावायचा नाही, त्याला सुट्टी द्यायची, हा त्यांच्या वडिलांपासूनचा नियम. रीत मला आवडते. वर्षातून एकदा तरी कुणी आमच्या विसाव्याचा विचार करतं. पण यंदा शैलेंद्ररावांना काय सुचलं कोण जाणे, घरातले मोबाइलही त्यांनी पाटावर ठेवले. यंत्र ते यंत्र.

दुपारी लतिका किंचाळली. तिला आठवलं होतं की सूट त्याच संध्याकाळी संपते.

"पापा, आज ही लास्ट है! मोबाइल द्या ना!"

"पूजेत आहे. हात लावायचा नाही."

"मग उद्या पॅक नाही मिळणार!"

"नाही तर नाही."

लतिका पाटाशेजारी बसून रडू लागली. विनतावहिनी नवऱ्यावर चिडल्या, नवरा मुलीवर चिडला, आणि शेवटी आजी गुडघ्यावर हात ठेवून उठल्या. त्यांनी अक्षता घेतल्या, माझ्यावर टाकल्या, मला बोटभर सरकवलं आणि म्हणाल्या, "झाली उत्तरपूजा. लेकराले रडवून देव खूश होते काय?" आईपुढे शैलेंद्रराव काय बोलणार!

आता तरी शांतपणे एक पॅक निवडावा की नाही? पण वेळ थोडा आणि शहाणे चार. कुत्रा, ऋतू, नोकरी, शहर असा पुन्हा कल्ला सुरू झाला. शैलेंद्रराव वैतागले आणि त्यांनी सगळ्या पॅकांचा एकत्र गठ्ठाच घेऊन टाकला. "घ्या! आता कोणी बोलायचं नाही."

मी बोललो. 'जागा नाही' म्हणून सांगितलं. ओके. पुन्हा सांगितलं. ओके. शिवाय त्यांनी माझ्यातल्या जुन्या फायली भराभर पुसल्या आणि त्या जागेत तो गठ्ठा कोंबला. मग खेळ उघडला. मी जीव तोडून पळालो, खरंच सांगतो. पंख्यात झेंडू, छातीत कुंकू, वर्षानुवर्षांची धूळ, आणि डोक्यावर एक शहर. पुंडलिक हवेत एक पाय उचलून थिजला. शकुजवळ कुत्र्याचं नुसतं शेपूट उमटलं. माझा पडदा निळा पडला आणि त्यावर पांढरी अक्षरं उमटली.

"गेला," शैलेंद्रराव म्हणाले. स्वतःचाच नियम विसरून, पाटावरचा मोबाइल उचलून त्यांनी तिथल्या तिथे कबाडीवाल्याला फोन लावला. तो म्हणाला, दसरा झाला की येतो.

मित्रांनो, जिवंत असताना आपल्या मरणाची वेळ ठरताना ऐकणं फार वाईट. मला राग आला नाही. मला भीती वाटली.

"लतिके," आजी म्हणाल्या, "तो अजून काही तरी म्हणून राहिला. वाच."

"आजी, वो..."

"वाच, आणि मले मराठीत सांग."

लतिकेने पहिल्यांदा माझं बोलणं शेवटपर्यंत वाचलं. तिला शब्द जुळवायला वेळ लागला. "तो म्हणते... त्याला खूप गरम होऊन राहिलं. त्याचं डोकं भरलं आहे. म्हणून तो स्वतःच बंद झाला, जळू नये म्हणून."

"हे आधी सांगितलं होतं त्यानं?"

लतिकेने खाली पाहिलं. "रोज सांगत होता."

शैलेंद्रराव उठून अंगणात गेले.

दसऱ्याच्या सकाळी बाकीच्या हत्यारांची रीतसर उत्तरपूजा झाली. शैलेंद्ररावांनी पेचकस घेऊन माझी बाजू उघडली आणि कपाळावर हात मारला. कारखान्यात यंत्रावर धुळीचा कण दिसला तर हा माणूस हाताखालच्यांना फैलावर घेतो, आणि घरात माझ्या पोटात धुळीची गोधडी! त्यांनी ब्रशने पाकळ्या काढल्या, कुंकू पुसलं, पंख्यात तेलाचा थेंब सोडला. मला इतकं हलकं कित्येक वर्षांत वाटलं नव्हतं.

मग गठ्ठ्यातलं काय ठेवायचं, हा प्रश्न आला. भांडण पुन्हा पेटणार तोच आजी म्हणाल्या, "आधी पाहा, पुंडलिक दिवसभर करते काय." सगळ्यांनी बसून पाहिलं. पुंडलिक आणि शकु घरात असत, अंगणात असत, चुलीपाशी असत. शहरात कोण जाणार होतं? कचेरीत कोण बसणार होतं? "रोज लागते ते ठेवा," आजी म्हणाल्या. "खारोड्या मी खऱ्या उन्हात घालीन. अंगणात कुत्रा असला तर रोज कामी येईल." मग कुत्र्या-मांजरांचा पॅक ठेवला आणि बाकीचं सगळं काढून टाकलं. मी चालू लागलो, न अडखळता.

दोन-तीन दिवसांनी दुपारी कबाडीवाला गाडी घेऊन दाराशी आला. मी विसरलो नव्हतो, घरातली माणसं विसरली होती. लतिका शाळेत, शैलेंद्रराव कारखान्यात, आजी आत झोपलेल्या. माझ्यासमोर त्या वेळी कोण बसलं होतं, सांगू? विनतावहिनी! पुंडलिकाच्या कुत्र्याच्या वाडग्यात अन्न नव्हतं, आणि ते त्यांना बघवत नव्हतं.

"दीदी, साहब ने बुलाया था. पुराना कम्प्यूटर देना है ना?" तो बाहेरून ओरडला.

माझा पंखा थांबल्यासारखा झाला. वहिनींनी पडद्यावरून नजर काढली नाही.

"कौनसा पुराना कम्प्यूटर? यहाँ तो चालू वाला है, भैया. आगे जाओ."

तर मित्रांनो, मी अजून याच कोपऱ्यात आहे. चपला दाराबाहेरच पडतात. माझं एवढंच मागणं आहे की खेळ घ्या, पॅक घ्या, हौस करा, पण ज्याच्या पोटात ते घालायचं त्याला आधी विचारा. असलेलं खेळून झालं का ते पाहा. वर्षातून एकदा फुलं वाहता त्याबद्दल आभार, पण मधूनमधून धूळही झटका. आणि आम्ही काही सांगत असलो तर ते शेवटपर्यंत वाचा. आम्ही कारणाशिवाय बोलत नाही. आम्हाला तेवढा वेळ नसतो, कुत्र्याला जेवू घालायचं असतं.