गिरणीतली हाक

दिवाळी सरली, दहिवलीची भाताची गिरणी पुन्हा सुरू झाली, तशी धोंडूबाई सूप घेऊन पाखडायच्या कामावर हजर झाली. आठ महिने अंथरुणाला खिळलेला तिचा नवरा मोरू पावसाळ्यात गेला होता. दिवसभर तो एकच म्हणायचा, "पाणी दे गं." कधी खरी तहान असायची, कधी नुसतंच. धोंडूबाई दर वेळी उठायची. तो गेला, घर गप्प झालं, तेव्हा रडता रडता तिला जरा सुटल्यासारखंही वाटलं होतं. हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं.

कामाच्या तिसऱ्या दिवशी गिरणीचा पट्टा तिच्याशी बोलू लागला. पाणी दे गं, पाणी दे गं. ती उठली, माठातून तांब्या भरला आणि तो हातात धरून तशीच उभी राहिली. मग रोज चार-पाचदा असं होऊ लागलं.

शेजारी पाखडणाऱ्या चिंधीला तिने विचारलं, तुला ही गिरणी काय म्हणते? चिंधीने कान दिला. तिला त्यात लेकीच्या हळदीचं गाणं ऐकू येत होतं. मालक आबाजींना विचारलं, तर ते म्हणाले पट्टा सैल झालाय. त्यांनी लगेच तो आवळला, तेल घातलं. आवाज बारीक झाला, पण हाक आता जास्तच घाईने येऊ लागली.

त्या दुपारी हाक आली, तशी ती तांब्या भरायला अर्धवट उठली. ती परत खाली बसली आणि सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्यानं म्हणाली, "अवं, जरा थांबा. मी दमली हाय."

मोरू असताना हे एकदाही तिच्या तोंडून निघालं नव्हतं.

आबाजींना वाटलं, आपल्यालाच म्हणतेय. ते गिरणी बंद करायला निघाले. धोंडूबाईने हातानेच नको म्हटलं. चिंधी जवळ सरकली.

"कोणाशी बोलतीस गं?"

"घरच्या मानसाशी."

धोंडूबाईच्या पुढ्यातला तांदूळ चिंधीने आपल्याकडे ओढून घेतला. धोंडूबाई पोत्याला टेकली. पट्टा म्हणत होता ते म्हणतच राहिला, पण तिला उठावंसं वाटलं नाही. तेवढ्या खडखडाटात तिचा डोळा लागला.

पाचला गिरणी थांबली, तेव्हा ती जागी झाली. केसांत भाताचा कोंडा बसला होता. चिंधीने दोघींचं काम उरकलं होतं. उद्या मी झोपणार, तू पाखड, असं म्हणत ती सूप झाडत होती.