कूसी पडतो, चाळीस सेकंद

आर्मास केटोला यांनी एकतीस चित्रपटांना संगीत दिलं, पण आज हेलसिंकीतही त्यांचं नाव कुणाला आठवत नाही. मी त्यांचं संगीत प्रत्येक वादकासाठी वेगवेगळं उतरवून द्यायचो. त्यांच्याविषयी लिहायचा अधिकार मला कितपत आहे, कोण जाणे. पण ती चूक माझी होती, ती तरी मीच सांगावी.

केटोला पटकथा कधी वाचत नसत. उन्हाळ्यात तीन-तीन चित्रपट, वाचणार कधी? दिग्दर्शकाने फोनवर प्रसंग आणि सेकंद सांगितले की हे पियानोला बसलेच. त्या वर्षी त्यांचे दोन चित्रपट ओळीने आपटले होते. स्टुडिओच्या मालकांनी बजावलं होतं, हा शेवटचा. नाही चालला तर चर्चमध्ये ऑर्गन वाजवा.

त्या दिवशी फोन मी घेतला. दिग्दर्शक राउत्सालो घाईत होते. "कूसी पडतो, चाळीस सेकंद," म्हणाले आणि ठेवून दिला. आमच्या भाषेत कूसी म्हणजे सहा, आणि स्प्रूसचं झाडही कूसीच. झाड पडतं तसा रणांगणावर शिपाईही पडतो. दोन्हीकडे क्रियापद तेच, आणि सहा जण असले तरी ते एकवचनीच. स्टुडिओत तेव्हा एक युद्धपट चालू होता आणि एक लाकूडतोड्यांचा विनोदी चित्रपट. उलट फोन करून विचारायचा मला संकोच वाटला. मी कागदावर चक्क अंकात लिहिलं: '६ पडतात'.

केटोलांनी सहा शिपायांसाठी असं शोकसंगीत लिहिलं की उतरवताना माझे डोळे भरून आले. प्रत्येकासाठी ढोलाचा एक ठोका.

ध्वनिमुद्रणाला पडद्यावर एका जाड्या लाकूडतोड्याने शेवटचा घाव घातला आणि चेलो आक्रोश करू लागले. झाड डौलात कलत कलत मुकादमाच्या नव्याकोऱ्या साउनावर, वाफेच्या न्हाणीघरावर, आडवं झालं. मुकादम टॉवेल सावरत बाहेर आला, तेव्हाच सहावा ठोका पडला.

ट्रोम्बोनवाला म्हणाला, "आर्मास, झाडाच्या घरच्यांना कळवलंस का रे?"

केटोला पांढरेफटक पडले. मी उठून, चूक माझी आहे, असं पुटपुटलो. त्यांनी मला हाताने खाली बसवलं. राउत्सालो हसून हसून डोळे पुसत होते.

"केटोला, अहो, हे सुचलं कसं तुम्हाला?"

"मोठं झाड होतं," केटोला म्हणाले. "मान द्यायला नको?"

चित्रपट हिवाळाभर चालला. ऑर्गन टळला. पुढच्या वर्षी केटोलांनी एका युद्धपटासाठी स्वतःहून विचारलं. राउत्सालो म्हणाले, "तुम्ही नको. तुमचा ढोल वाजला की लोक हसतात."

हे मला सांगताना केटोला हसत होते. मला काही तसं हसता आलं नाही.