आलो आम्ही, चहा ठेवा!

मी इस्तंबूलच्या बालात मोहल्ल्यातल्या बंबवाल्यांचा पितळी कर्णा बोलतोय.

माझा जन्म बंब खांद्यावर घेऊन धावणाऱ्यांच्या काळातला. तेव्हापासूनची एक रीत आहे. आगीपाशी पोचताच नायकानं मला तोंडाला लावायचं आणि वर अडकलेल्यांना ओरडून सांगायचं, "आलो आम्ही, चहा ठेवा!"

जळत्या घरात चहा कोण ठेवणार? पण अर्थ मोहल्ल्यात सगळ्यांना ठाऊक होता. उडी मारू नका, पाणी उकळेपर्यंत शिडी तुमच्या खिडकीशी येते. ही हाक ऐकल्यावर कुणी उडी मारली, असं कधी झालं नाही, असं जुने बंबवाले अभिमानानं सांगत.

मग आमचे नायक नेजाती उस्ताद ओरडत असताना कुणीतरी मोबाइलवर टिपलं. बघता बघता ते वाक्य देशभर पसरलं. उशिरा आलेला जावई दारातून तेच म्हणे. गोल खाल्ल्यावर झेपावणाऱ्या गोलरक्षकालाही लोक तेच ऐकवत. कोपऱ्यावरचा पाववाला चिडवी, "काय उस्ताद, ठेवू का चहा?" उस्ताद हसत. खोटं कशाला सांगू, मलाही बरं वाटे.

एका दुपारी मुनीरे हानिमच्या घराला आग लागली. शिवणकाम करून तिसऱ्या मजल्यावर एकटी राहणारी बाई. आमची गाडी अरुंद चढावर, उभ्या मोटारींत अडकली. खाली गर्दी जमली, मोबाइल वर झाले. कुणीतरी खिदळत ओरडलं, "आलो आम्ही, चहा ठेवा!" मग दुसरा, मग सगळेच. दर वेळी ती वाकून बघे. शिडी कुठेच नाही.

अखेर आम्ही पोचलो. उस्तादांनी सगळा दम माझ्यात ओतला. त्या गोंगाटात मीही एक थट्टेखोर ठरलो. शिडी अर्ध्यावर असताना तिनं उडी मारली.

जीव वाचला. पण शिलाई यंत्र चालवणारा पाय कायमचा गेला.

इस्पितळात उस्ताद म्हणाले, "ताई, मी खरंच ओरडलो होतो हो."

"ऐकलं की, भाऊ. पण त्याआधी इतक्यांदा फसले. तुमचं तेवढं खरं, हे कसं ओळखायचं?"



आता मी बंबवाल्यांच्या ठाण्यात, चहाच्या शेगडीवरच्या खिळ्याला टांगलेला असतो. वाफेनं काळवंडलोय. लोक माझ्यासोबत फोटो काढायला येतात.

"उस्ताद, एकदा म्हणा ना ते!"

"कर्णा फुटलाय," उस्ताद म्हणतात आणि पाठ फिरवतात.

मी फुटलेलो नाही. पण बाबांनो, माझं ते वाक्य हसण्यावारी नेऊ नका. उद्या खिडकीत कुणी उभं राहिलं, तर त्याला थांब म्हणायला माझ्याकडे दुसरं काही नाही.