वरच्या मजल्यावरचं अपील

बारक्याला लहानपणापासून रांगेचं वावडं. दवाखाना असो की तिकिटाची खिडकी, "काकू, जरा सरका, घरी दूध उतू जातंय" म्हणत हा सगळ्यांच्या पुढे. पन्नाशी आली तरी खोड गेली नव्हती.

दोघा भावांचं औषधांचं दुकान होतं. दादा फार्मासिस्ट, आणि बारक्या गल्ल्यावर बसून गिऱ्हाइकांची फिरकी घेणारा. दादाच्या किडन्या गेल्या. तो डायलिसिसला गेला असतानाच नेमका इन्स्पेक्टर टपकला. फार्मासिस्ट नसताना औषध विकायचं नाही, असा कायदा.

"फार्मासिस्ट कोण?"

"मीच की!"

इन्स्पेक्टरने भिंतीवरच्या प्रमाणपत्राकडे पाहिलं. "फोटोत तर टक्कल आहे."

"साहेब, आमच्याच दुकानातलं तेल लावलं!"

इन्स्पेक्टर हसला नाही. परवाना निलंबित झाला.

दादाने अंथरुणातून एकच मागणं मागितलं. "बंद शटर मागे टाकून जायचं नाही रे मला. एकदा काउंटरवर उभं कर."

वकीलबाई म्हणाल्या, "आधी खात्यात अपील करा. निलंबनाचा हुकूम निघाला त्याच इमारतीत, वरच्या मजल्यावर. तिथे नाही जमलं तर कोर्ट."

"चोराची तक्रार चोराच्या थोरल्या भावाकडे? छे! एकदम हायकोर्टात घाला."

"ते परत पाठवतील."

"बघू तर!"

मग तारखा सुरू झाल्या. संध्याकाळी दादा विचारायचा, "उघडलं का रे?"

"आज जजसाहेबांचा चष्मा घरी राहिला."

"आणि काल?"

"काल डोळेच घरी राहिले होते."

दादा हसायचा. हसून हसून त्याला धाप लागायची, मग वहिनी डोळे वटारायची.

शेवटी जजसाहेबांनी फाईल उघडली आणि लगेच मिटली. "अपिलाची सोय असताना थेट इथे का आलात? आधी तिथे जा."

मग बारक्या निमूटपणे वरच्या मजल्याच्या रांगेत उभा राहिला. अपील दाखल झालं, सुनावणी लागली. तिच्या आधीच दादा गेला. शटर बंदच होतं.

परवाना दोघांच्या नावावर, म्हणून सुनावणीला जावं लागलं. वहिनीला जिने चढवेनात, ती खाली बाकावर बसली.

वरच्या साहेबांनी कागद चाळले. "माणूस डायलिसिसला गेला होता, हॉस्पिटलचा दाखला आहे. तुम्ही फाजीलपणा केलात, त्याला ताकीद पुरे होती. निलंबन रद्द." मग चष्म्यावरून पाहत म्हणाले, "अहो, पहिल्याच आठवड्यात का नाही आलात? त्याच दिवशी स्थगिती दिली असती. दुसऱ्या दिवशी दुकान उघडलं असतं."

बारक्याने निकालाचा कागद घडी करून खिशात घातला.

तो जिना उतरला. वहिनी उठून उभी राहिली. "काय म्हणाले, भाऊजी?"

त्याने तो कागद खिशात आणखी खाली सारला.

"नामंजूर."

"आधी आलो असतो तर?"

"तरी नसतंच झालं, वहिनी. दगड आहे तो माणूस."

वहिनीने पदराने डोळे टिपले. "मग तुमचा काय दोष? धावलात तेवढं पुष्कळ. ह्यांना शेवटपर्यंत हसवत ठेवलंत." आणि तिने त्याच्या पाठीवरून हात फिरवला.

आयुष्यभर थापा मारून टाळ्या घेतल्या त्याने. ही थाप पचली, आणि तो तिथेच जिन्यापाशी, लोक बघत असताना, लहान पोरासारखा ओक्साबोक्शी रडला.